पोटल्याला घातलेलं पाणी

आमच्या वाडीने मिळून एक झाड मारलं. कुऱ्हाडीने मारलं असतं तर निदान भांडण तरी झालं असतं, कोणाचं तरी नाव पुढे आलं असतं. आम्ही ते पाणी घालून मारलं, आणि तेही दया येऊन. ज्याचं झाड होतं तो माणूस आम्हाला एक वाकडा शब्द बोलला नाही. बोलला असता तर बरं झालं असतं. शिव्या खाल्ल्या की हिशेब मिटतो, असं माझं मत आहे.

त्या माणसाला सगळी वाडी टँकरकाका म्हणायची. खरं नाव शांताराम. तरुणपणीच ओमानला गेलेले, तिथे वाळवंटात रस्त्याची कामं करणाऱ्या लोकांच्या कॅम्पांना टँकरने पाणी पोचवायचं त्यांचं काम. केस पांढरे झाल्यावर गावी आले. बायको मुंबईला मुलाकडे, नातवंडं सांभाळायला. ती गणपतीत आणि मे महिन्यात उगवायची. बाकी वर्षभर काका एकटे. माझी सासू त्यांच्या बरोबरीची, म्हणून ती त्यांना नुसतं शांताराम म्हणायची. मी काका म्हणायचे आणि ते मला सूनबाय. माझं शिलाईचं मशीन खिडकीशी असतं आणि खिडकी नेमकी त्यांच्या खळ्यासमोर, म्हणजे अंगणासमोर. मी काही मुद्दाम बघत नव्हते. पण ब्लाऊजला हुक लावताना माणसाने डोळे ठेवायचे तरी कुठे?

तर त्या खिडकीतून मला दिसलेले काका असे. भर मे महिन्यात लांब हाताचा शर्ट, गळ्यापर्यंत बटणं लावलेली. डोक्याला पंचा. उंच माणूस, पण स्टिअरिंगवर वाकून वाकून तसाच राहिलेला. मिशी बारीक. बोलणं त्याहून बारीक. वाडीत कोणाचाही नळ ठिबकताना दिसला की हे न विचारता आत शिरणार आणि नळ आवळून बाहेर येणार. एकदा तर माझी जाऊ न्हाणीघरात होती आणि काका बाहेरून ओरडत होते, "बंद कर गो तो नळ, किती व्हावता!" ती बिचारी आतून म्हणते, "काका, मी आंघोळ करतंय!" तेव्हा लाजून जे पळाले ते दोन दिवस आमच्या बाजूला फिरकले नाहीत.

एप्रिलात विहिरी खाली गेल्या की म्हाताऱ्यांच्या घरी पाणी भरून देणार हेच. कावड घ्यायचे नाहीत, दोन हातांत दोन कळशा. कोणी "ऱ्हवांदे काका" म्हटलं की म्हणणार, "माझा कामच ता." पाण्याच्या बाबतीत असा दिलदार माणूस अख्ख्या तालुक्यात नसेल. फक्त एका जीवाला पाणी द्यायला त्यांचा हात धजावायचा नाही. तो म्हणजे पोटलो.

पोटलो हे त्या झाडाचं आम्ही ठेवलेलं नाव. नर्सरीत त्याला अडेनियम म्हणतात, हल्ली कुडाळ-कणकवलीत बंगल्यांच्या गच्चीवर दिसतं. पण काकांनी ते ओमानहून आणलं तेव्हा आमच्याकडे कोणी पाहिलेलं नव्हतं. वाळवंटातलं झुडूप. बुडाशी हे एवढं सुजलेलं पोट, हत्तीच्या पायासारखं, आणि वर चार वेड्यावाकड्या फांद्या. पानं मोजकी. पहिल्यांदा बघितलं तेव्हा माझ्या सासूने विचारलं होतं, "रे शांतारामा, ह्या सुरणाक रोग झालोहा काय?" पण उन्हाळ्यात ते फुलायचं तेव्हा बघणाऱ्याने थांबून बघावं. कडेला गडद गुलाबी, आत पांढरट होत गेलेली मोठी मोठी फुलं. बाकी सगळी वाडी धुळीने लाल झालेली आणि त्या खळ्यात तेवढाच रंग.

मृग लागायच्या आत पोटलो पडवीत यायचा. आमच्याकडचा पाऊस तुम्हाला माहीत आहे, तिरका शिरतो. म्हणून काकांनी पडवीला प्लास्टिकचा पडदा बांधलेला. पावसाळाभर तो स्टुलावर बसून पाऊस बघायचा आणि काका त्याच्या शेजारी खुर्चीत बसून पाऊस बघायचे, दोघेही सुके. रोज सकाळी काका त्याच्या पोटाला अंगठ्याने दाबून बघायचे, आपण पिकलेला आंबा बघतो तसं. कडक लागलं की "बरो आसा" म्हणायचे आणि मग स्वतःचा चहा ठेवायचे.

"तेच्या पोटात आसा तेचा तेका," असं ते सांगायचे. "थंडीत तर थेंबसुद्धा घालूचो नाय. निजता तेव्हा तो."

त्या झाडाचं फूल ते कोणाला देत नसत, देवालासुद्धा. पलीकडच्या घरातली रुकमाकाकी, सत्तरी ओलांडलेली आणि जिभेला हाड नसलेली, एकदा परडी घेऊन गेली. काका म्हणाले, "माझा न्हय ता. जेचा आसा तेका पोचवचा आसा. तवसर मी हात लावूचंय नाय."

रुकमाकाकी परत येऊन आमच्या ओट्यावर टेकली. "ऐकलंस गो? म्हणता माझा न्हय ता. आता हो भजनी बुवा जातलो." आम्ही सगळ्याच हसलो. आम्हाला वाटलं, म्हातारपणी माणसाला असं होतं, घर माझं नाही, देह माझा नाही, सगळं त्याचं. कोणालाही वाटलं नाही की माणूस सरळ सांगतो आहे.

अशा सरळ सांगितलेल्या कितीतरी गोष्टींवर आम्ही हसलो. एकदा आमच्या खळ्यात काजू सोलत बसलो होतो, संध्याकाळचा चहा चालू होता, गजाली रंगल्या होत्या. कोण कसा मेला यावर विषय आला. आमच्याकडे हा विषय चहाबरोबर चालतो. काका सहसा बोलायचे नाहीत. त्या दिवशी एकदम म्हणाले, "वाळवंटात माणूस तानेन मरता म्हणान तुमका वाटता. मी बुडान मेल्लो बघितलंय."

माझा नवरा एसटीत ड्रायव्हर, त्याला थट्टेशिवाय घास उतरत नाही. तो म्हणाला, "बरोबर आसा काका. आणि आमच्या मालवणात समुद्राच्या काठार एकटो तानेन मेल्लो!"

काय हसलो आम्ही! काकाही हसल्यासारखे झाले. कप खाली ठेवला, पंचा झटकला आणि घरी गेले. कपात निम्मा चहा तसाच होता. तो मी ओतून टाकला आणि मला काही वाटलं नाही.

आता त्या नवऱ्याचीच गोष्ट सांगते. आमच्या पंचक्रोशीत दशावताराचं नाटक होतं आणि याची नेमकी संध्याकाळची गाडी. याने काय करावं? दुसऱ्या ड्रायव्हरला फोन केला, मला ताप आहे, तू माझी फेरी घे. आवाजही असा काढला की मलाच क्षणभर वाटलं की आहे बहुतेक. आणि चादर घेऊन पडला, नाटकापर्यंत झोप काढायला. आमचा फोन म्हणजे वाडीचा भोंगा. काकांनी दगडी गडग्यापलीकडून ऐकलं असणार. तरातरा आत आले. मला बघितलंदेखील नाही. सरळ खाटेकडे गेले, नवऱ्याच्या कपाळावर पालथा हात ठेवला आणि चादर ओढली.

"ऊठ. ताप नाय तुका."

"काका, तुमका काय करूचा आसा?" नवरा चिडला.

"आपली पाळी आपण करूची. दुसऱ्याक आपल्या वाटेर धाडूचो नाय. ऊठ म्हणतंय ना!"

एवढा मोठा आवाज त्यांच्या गळ्यात होता हे आम्हाला त्या दिवशी कळलं. नवरा मुकाट्याने गणवेश चढवून गेला आणि नाटक बुडालं म्हणून महिनाभर काकांशी बोलला नाही. मीसुद्धा म्हटलं, म्हाताऱ्याला काय नसत्या उठाठेवी. तेव्हापासून ही एक सवय माझ्या लक्षात आली. कोणी प्रवासाला निघालं की काका विचारायचे, "आपल्याच कामाक जातस मा? कोणाच्या बदल्यात नाय?" आणि स्वतःला ताप आला तरी ते कबूल करायचे नाहीत. एकदा अंग चटके देत होतं, विहिरीवर तोल जात होता, सासूने हात धरून खाटेवर आणून बसवलं, तर म्हणतात, "माका ताप येना नाय. माझो ताप कधीच खर्च झालो." आम्ही म्हटलं, तापात बडबडतात.

आणि बांदा. हेही सांगायलाच हवं, जीभ जड झाली तरी. आमच्या गावातून बाजार करायचा तर माणूस कट्टा गावाला जातो, फार तर मालवणला. काका मध्येच कधीतरी इस्त्रीचा शर्ट घालून बांद्याला जायचे, म्हणजे पार गोव्याच्या वेशीपर्यंत, दोन गाड्या बदलून. सकाळी जायचे, संध्याकाळी परत. हातात काही नाही. विचारलं की, "बाजाराक गेल्लंय." मग पिशवी कुठे आहे? भाजी कुठे आहे? बायको मुंबईला, माणूस इस्त्रीच्या शर्टात. बाकीचं रुकमाकाकीने पूर्ण केलं. "बांद्याक ठेवलेली आसा कोणतरी. गल्फात कमवलेला खंय गेला ता आता कळला." मी खोटं बोलणार नाही, ती गजाल मीही चार ब्लाऊजांबरोबर चार घरी पोचवली. गजालीन घोव खाल्लो, गप्पांनी नवरा गिळला, म्हणतात ते काही उगाच नाही.

मग गावपळण आली.

ज्यांना माहीत नाही त्यांच्यासाठी सांगते. आमच्या गावचा देव काही वर्षांनी एकदा कौल देतो, गाव खाली करा. मग अख्ख्या गावाने तीन दिवस वेशीबाहेर जाऊन राहायचं. माणसं, गुरं, कुत्री, कोंबड्या, मांजरं, जिवंत म्हणून जे आहे ते सगळं बाहेर. दाराला कडी घालायची आणि मागे वळायचं नाही. माळावर झावळांचे मांडव पडतात, चुली पेटतात, आणि खरं सांगायचं तर सगळ्यांना मजा येते. ऐन थंडी, दिवसभर गजाली आणि भजनं. सुनांना तर माहेरी आल्यासारखं वाटतं.

टेंपो भरत होता. म्हाताऱ्यांना पुढे बसवायचं ठरलेलं. रुकमाकाकी लुगडं सावरत पुढे गेली तर सीटवर पोटलो. कुंडीला गोणपाट गुंडाळलेलं, वरून पट्टा लावलेला.

"आता ह्या काय?" ती कडाडली. "म्हातारी मागे आणि झाड फुडे? शांतारामा, माकाच कुंडीत घालून ठेव, मगे तरी फुडची सीट गावतली!"

"जिवंत आसा ता सगळा भायर काढूचा असो कौल आसा," काका शांतपणे म्हणाले. "ह्या काय मेल्ला आसा?"

"मगे माझो माडपण घेवन येतंय! उपट तेका!"

टेंपोभर हशा. काका म्हणाले, "माड तुझ्या जमिनीत आसा गो, तो गावचो. ह्या कुंडीतला. ह्या परक्या गावाचा. परक्याक मागे ठेवून आपण कसा जावचा?" टेंपोशी उभ्या असलेल्या देवळातल्या गुरवानेही मान डोलावली. रुकमाकाकी मागे बसली आणि वाटभर बडबडत होती, "जेचा करूक जावा बरा, तो म्हणता माझाच खरा."

माळावर काकांचा मांडव आमच्या शेजारीच पडला. पोटलो मांडवाच्या दारात. थंडीमुळे त्याची पानं झडलेली, नुसतं पोट आणि काटक्या. काका मात्र तिथे नसायचेच. एवढ्या माणसांना आणि गुरांना पाणी लागतं. टँकर मागवलेला, तो अरुंद पाणंदीतून उलटा आत घ्यायला कोणाला जमेना. काकांनी घेतला. मग तिन्ही दिवस पाण्याची सगळी व्यवस्था त्यांच्याकडेच. दिवसभर पाइप हातात. मी त्यांना एवढं आनंदात त्याआधी बघितलं नव्हतं, नंतरही नाही.

आणि इकडे तो उघडाबोडका पोटलो.

आमच्याकडे दारात कोणी आलं की आधी पाणी. ओळख मागाहून, काम मागाहून. माझी सासू तर दारात आलेल्या वैऱ्यालाही गूळ-पाणी देईल. गावपळणीत तर ही रीत आणखी कडक, कारण त्या दिवसांत सगळेच बेघर, सगळेच पाहुणे. आपल्या मांडवाशेजारी कोणी तहानेला राहिला तर देव बघतो म्हणतात. तिने त्या झाडाकडे बघितलं, काकांच्या मांडवाकडे बघितलं, आणि चूळ भरायच्या निमित्ताने तांब्या घेऊन बाहेर गेली. आत आली तेव्हा तांब्या रिकामा होता. मी बघितलं आणि काही बोलले नाही. थोड्या वेळाने तांदूळ धुतले. ते पाणी कुठेतरी ओतायचंच होतं.

गावभरणी झाली, आम्ही घरी आलो, सगळं पहिल्यासारखं सुरू झालं. पंधरवडा गेला असेल. मी मशीनवर होते. काका चहाच्या आधी खळ्यात आले आणि नेहमीसारखा पोटल्याच्या पोटाला अंगठा लावला. अंगठा आत गेला.

सडलेल्या भोपळ्यात जावा तसा, सहज. ते तसेच वाकून उभे राहिले. मी पायडलवरचा पाय काढला. मग ते सरळ होऊन आमच्या खळ्यात आले. अंगठा तसाच ओला.

"पाणी कोणी घातला?"

राग नव्हता आवाजात. राग असता तर कोणी कबूलच केलं नसतं. सासू सुपात तांदूळ निवडत होती. ती म्हणाली, "मी घातलंय रे. वायचसा. सुकान गेल्ला तोंड बघवना."

आवाज ऐकून रुकमाकाकी गडग्यापाशी आली होती. तिचं तोंड उतरलं. "मी पेजेची निवळ घातलंय. म्हटला, पाण्यापेक्षा तीच बरी, वायच ताकद येयत." मग माझा नवरा बाहेर आला, ड्युटीवर जायच्या कपड्यांत. "माझ्या बाटलीत उरला व्हता काका, ता मी ओतलंय." मग मी तांदळाच्या पाण्याचं सांगितलं. वरच्या घरातल्या दोघीजणी आल्या, त्यांनीही खाली मान घालून तेच सांगितलं. प्रत्येकाने एकदाच घातलं होतं. प्रत्येकाला वाटलं होतं की आपण एकटेच एवढे मायाळू. आणि प्रत्येकाने काकांची पाठ वळलेली बघून घातलं होतं, म्हणजे घालू नये हे आम्हाला ठाऊक होतं.

काका आमच्या ओट्यावर बसले. "तुमचो दोष नाय," ते म्हणाले. "तुमी तेची तान बघितलास. मी माझी झोप बघितलंय."

आम्हाला कळलं नाही. सासू म्हणाली, "कसली झोप?"

तेव्हा ते बोलले. भर सकाळी, उन्हात, त्या ओल्या अंगठ्याकडे बघत.

"जनो म्हणान एक माझ्या खोलीत व्हतो. बांद्याच्या भायर तेचा घर. तोय टँकरार. थंयच्या डोंगरात तेका ह्या झाडाची बोंडा गावली. तुपाच्या डब्यात बियो रुजत घातल्यान. म्हणी, सुट्टीत नेवन आवशीक दाखवतलंय, वाळूत फूल येता ह्या तिका खरा वाटाचा नाय. त्या दिवशी फेरी माझी व्हती. आदल्या दिवशी आमी पत्ते खेळत बसलेलो, सकाळी माका उठाचो कंटाळो इलो. म्हटलंय, जना, ताप आसा रे, आजची फेरी तू कर. तेना माझ्या कपाळाक हातसुद्धा लावूक नाय. म्हणालो, नीज तू. आणि गेलो."

नवऱ्याने टोपी डोक्यावरून काढली.

"थंय सुकी न्हंय आसता, पाणी नसलेली नदी. तिच्यातसूनच रस्तो. खंयतरी लांब डोंगरात पाऊस पडता आणि हंय ऊन आसताना पाणी येता, भिंतीसारख्या. टँकर पाण्यानच भरलेलो, पाण्यानच व्हावान गेलो. मी तुमका सांगी, वाळवंटात माणूस बुडान मेलो."

सांगितलं होतं खरं, आणि आम्ही हसलो होतो.

"मगे तेच्या आवशीक?" आईचं सासूनेच विचारलं.

"अपघात झालो म्हणान कंपनीन कळवल्यान. फेरी कोणाची ता नाय. डबो मी घेवन इलंय, तिका देवक. बांद्याच्या स्टँडार उतारतंय, चाय पितंय, आणि परतीची गाडी धरतंय. दर वेळेक. झाडय घरीच ठेवन जातंय, म्हटला आधी तोंड दाखवूया. ता तोंडच माझ्यान फुडे सराना नाय."

रुकमाकाकीने पदर तोंडात कोंबला. तिच्या त्या ठेवलेलीचं काय झालं ते तिचं तिला. माझं मला.

पोटल्याचं पोट पार गेलं होतं, पण एका फांदीचा शेंडा अजून कडक होता. काकांनी ती कापली, चीक सुकेपर्यंत सावलीत ठेवली, आणि माळ्यावरून तो जुना तुपाचा डबा काढून वाळूत लावली. अरबी अक्षरं गंजून गेलेली. त्या दिवसांत आम्ही बायका त्या खळ्यासमोरून जाताना हातातली कळशीसुद्धा दुसऱ्या बाजूला घ्यायचो. एप्रिलात तिला दोन पानं फुटली. काका त्या दिवशी खिडकीशी आले.

"सूनबाय, बांद्याक येशीत माझ्यावांगडा? बाईमाणूस वांगडा आसला तर परतीची गाडी धरूक लाज वाटतली माका."

गेलो. गाडीत डबा मांडीवर. मी म्हटलं काका, थोडा वेळ द्या माझ्याकडे, तर नाही म्हणाले. बांद्याच्या स्टँडवर चहावाल्याने ओळखीचं हसून कप पुढे केला. काकांनी मान हलवली, आणि आम्ही चालू लागलो. चढावर दोनदा थांबले. मी काही बोलले नाही. माझ्यासारखीला ते किती जड गेलं ते सांगून कळायचं नाही.

काजीच्या, म्हणजे काजूच्या, बागेतलं घर. ओट्यावर एक म्हातारी बसलेली, अगदी चिमणीएवढी, डोळ्यांत मोतीबिंदूचा सारा. सून अंगण झाडत होती. काका ओट्याखाली पायरीवरच बसले, डबा बाजूला ठेवला.

"आये, मी शांताराम. जनाच्या खोलीतलो."

म्हातारीने हात पुढे केला. हवेत चाचपडला. काकांचं डोकं सापडलं, तिथून कपाळ. पालथा हात कपाळावर ठेवून ती म्हणाली, "शांताराम? ताप उतरलो मा रे तुझो?"

काकांनी मान वर केली.

"जनान त्या दिवशी सकाळी फोन केल्यान," ती सांगत होती, जणू कालचीच गोष्ट. "म्हणालो, आये, शांतारामाक ताप आसा, तेची फेरी मारून येतंय, येताना तेका सफरचंदा हाडतंय. मगे सगळ्यांनी माका सगळा सांगल्यानी, पण तू बरो झालंस काय नाय ता कोणीच सांगूक नाय. कोणाक इचारतलंय? माझो गेलो. म्हटला, दुसऱ्या आवशीचो तरी उठलो काय नाय."

मी काकांकडे बघत होते. तिथेच गप्प बसता आलं असतं. "उतरलो आये" एवढे दोन शब्द, आणि म्हातारी सुखाने मेली असती. माझ्या जिभेवर आले होते, मी त्यांच्या जागी असते तर बोलून टाकले असते.

"ताप नव्हतो आये," काका म्हणाले. "मी खोटा सांगलंय. माका उठाचो कंटाळो इलेलो."

केरसुणीचा आवाज थांबला. म्हातारीने कपाळावरचा हात काढून घेतला. मांडीवर ठेवला. मला वाटलं आता ही रडेल, नाहीतर चालते व्हा म्हणेल. काकाही त्याचीच वाट बघत असावेत. मान खाली, हात गुडघ्यांवर.

"ह्या काय हाडलंस?" तिने विचारलं. तिचा हात डब्याला लागला होता.

"जनान घातलेल्या झाडाची फांदी. तुका दाखवचा म्हणी तो. झाड गेला, ही ऱ्हवली."

तिने डबा ओढून मांडीत घेतला. बोटांनी दोन्ही पानं चाचपली, एक एक करून. मग सुनेला म्हणाली, "पाणी हाड गो."

सुनेने तांब्या आणून दिला. मला वाटलं तिलाच तहान लागली. तिने तांब्या उचलला आणि डब्यात ओतायला लागली.

माझा हात पुढे गेला. काकांनी तो धरला. ज्या माणसाने वर्षानुवर्षं त्या झाडावर पावसाचा थेंब पडू दिला नव्हता, त्याने माझं मनगट घट्ट धरलं आणि म्हटलं, "ऱ्हवांदे."

"किती लांबसून इलो," म्हातारी डब्याशी बोलत होती. "कोणी पाणी तरी इचारल्यानी काय तुका?" डबा भरला, खालच्या भोकांतून पाणी गळायला लागलं, तिच्या लुगड्यावरून पायरीवर, पायरीवरून काकांच्या पावलांकडे. त्यांनी पाय मागे घेतले नाहीत.

तांब्यात थोडं उरलं होतं. तिने तो हवेतच पुढे केला, काका होते त्या बाजूला.

"घे," ती म्हणाली. "तूय लांबसूनच इलस."

पुढच्या पावसाळ्यात काका मुंबईला मुलाकडे गेले आणि तिकडेच वारले. त्यांचं सगळं आयुष्य मी खिडकीतून बघितलं, आणि जे दिसलं नाही ते चार घरी सांगितलं. पण आता डोळ्यांसमोर येतात ते त्या पायरीवरचेच काका, दोन्ही हातांनी तांब्या धरलेले. त्यांनी ते पाणी प्यायलं की नाही, ते मला सांगता येणार नाही. तेव्हा मी बघितलं नाही. मी तोंड फिरवून काजीच्या झाडाकडे बघत उभी होते.